अकरावा वाढदिवस, थीम वटवाघूळ : कामाच्या नोंदी

१६ नोव्हेंबर, रविवार

त्रिपुरी पौर्णिमा उलटून गेली तरी गच्चीवर लटकत राहिलेला आकाशकंदील आज उतरवला. शिडी धरायला लेक होती. मी वर तारेशी झटापट करत असताना तिनं खालून सांगून टाकलं, "यंदा थीम मीच ठरवलीय. वटवाघूळ."

"बॅटमॅन होय?"

"बॅटमॅन नाही पप्पा. वटवाघूळ. खरं."

याचं मूळ मला माहीत आहे. श्रावणात एक बारकं वाघूळ आमच्या गॅलरीत पडलं होतं. उघड्या हातानं शिवायचं नाही, एवढं तिला ठाऊक होतं. तिनं त्यावर बुटांचा खोका पालथा घातला आणि मला फोन केला. मी संध्याकाळी जाड फडक्यात धरून त्याला भिंतीवर उंच लावून ठेवलं. अर्ध्या तासानं बघतो तर गेलेलं. तेव्हापासून वहीत दुसरं काही चितारलं जात नाही.

बेळगावच्या उद्यमबागेत बावीस वर्षं वर्कशॉपात काढल्यामुळे हाताला जॉब कार्डाची सवय आहे. म्हणून हेही कार्डावरच घेतो. तारीख १३ डिसेंबर, शनिवार. वय ११. पोरं १४. जागा अनगोळातली आमची गच्ची. मंजूर रक्कम ९,००० रुपये. मंजुरी देणारी स्वयंपाकघरात, तिची सही नंतर घेऊ.

आईला सांगितल्यावर ती जपमाळ ठेवून माझ्याकडे बघत राहिली. "शुभ दिवशी वाघूळ? मोर, हत्ती काय मिळालं नाही होय तुम्हाला?" बराच वेळ वाटाघाटी झाल्या. तिची शेवटची अट अशी: उंबऱ्याच्या आत एकही वाघूळ येणार नाही. "गच्ची तुमची, घर माझं." अट मान्य.

१८ नोव्हेंबर, मंगळवार

कामावरून येताना वाढदिवसाचं सामान मिळणाऱ्या दोन दुकानांत डोकावलो. वटवाघळं भरपूर. पण सगळी काळी, सुळेवाली, शेजारी भोपळा, कवटी आणि कोळ्याचं जाळं. फोटो काढून घरी दाखवले. लेकीनं एकेक फोटो बाद केला. हे भुताचं आहे, हे तर चिमणीला पंख लावल्यासारखं आहे, याला अंगठाच नाही.

अंगठा हा तिचा कळीचा मुद्दा. वटवाघळाचा पंख म्हणजे हात. चार बोटं ताणून लांब झालेली, त्यांच्यामध्ये कातडी, आणि अंगठा तेवढा मोकळा, नखासकट. उडणारा सस्तन प्राणी हा एकच. उडती खार नुसती तरंगते.

निर्णय: बाजारातलं एकही वाघूळ घ्यायचं नाही. सगळं घरी. (हिची प्रतिक्रिया: "म्हणजे महिनाभर पसारा.")

२२ नोव्हेंबर, शनिवार

जागेची पाहणी. दिवस सहाच्या सुमाराला मावळतो. पावणेसहाला मी, लेक आणि दोन स्वेटर गच्चीवर.

६.१२ : दिव्याच्या खांबाभोवती पहिलं बारकं वाघूळ. गिरकी, गिरकी, गायब.

६.१५ ते ६.३० : तशीच तीन-चार. तीच परत येतात की वेगळी, कळत नाही. लेकीनं वहीत "किमान ३" असं लिहिलं. माझ्या इन्स्पेक्शनच्या पोरांना हे शिकवायला दोन वर्षं लागली होती.

६.३४ : मोठं. गल्लीच्या टोकाच्या उंबराकडे, संथ, कावळ्यापेक्षा जड पंखांनी. मग दुसरं. पावणेसातपर्यंत मोठी पाच.

मोठ्यांचा हिशेब वेगळा. पंख पसरले की चार ते पाच फूट भरतात, खाणं फळं आणि फुलांतला मध. आवाजाच्या प्रतिध्वनीवर ती चालत नाहीत, त्यांचे डोळे चांगले मोठे असतात. दिव्याखालची बारकी ती प्रतिध्वनीवाली: स्वतः आवाज काढायचा आणि तो आपटून परत येतो त्यावरून वाट आणि किडा ओळखायचा. "आंधळं वटवाघूळ" असं कुणी म्हटलं की लेक आता बोलणाऱ्याला थांबवते. काल भाजीवाल्या मावशींनाही थांबवलं.

शेजारच्यांचा हॅलोजन थेट उंबराच्या बाजूला पडतो. त्या दिवशी तासभर बंद ठेवाल का, विचारायचं.

२३ नोव्हेंबर, रविवार

आज काम काही नाही, पण लिहून ठेवण्यासारखं घडलं.

दुपारी लेक आईजवळ बसून पुस्तकातलं वाचून दाखवत होती. खानापूर तालुक्यात, भीमगडच्या रानात बारापेडे म्हणून गुहा आहेत. तिथल्या एका मोकळ्या शेपटीच्या वटवाघळाचं वर्णन १९१३ साली पहिल्यांदा शास्त्रात नोंदलं गेलं. रॉटन नावाच्या वनखात्यातल्या साहेबावरून त्याचं नाव. पुढं कितीतरी वर्षं जगात त्याचा तेवढा एकच पत्ता माहीत होता. नंतर मेघालयात आणि कंबोडियातही ते मिळालं. कान एवढे मोठे की कपाळावर एकमेकांना चिकटलेले.

आईचं माहेर जांबोटीकडचं. तिनं गुहा बघितलेली नाही, पण "आमच्याकडचं" म्हटल्याबरोबर तिचा सूर बदलला. म्हणाली, काजूच्या दिवसांत पोरं उजाडायच्या आत उठून झाडांखाली पळायची. रात्री वाघळं बोंडू तोडून नेतात, लांब कुठल्यातरी झाडाला लटकून रस चोखतात आणि बी टाकून देतात. मालकाच्या झाडाखालची बी मालकाची. पण वाघळानं नेऊन भलतीकडं टाकलेली बी ज्याला गावेल त्याची. "परकराच्या ओच्यात भरून आणायची मी. यल्लम्माच्या जत्रेला बांगड्या त्यातनंच."

म्हणजे लहानपणीच्या बांगड्या वाघळांनी घेऊन दिल्या, आणि उंबऱ्याच्या आत यायला मनाई. हे मी मनात म्हटलं. लेक तोंडावर म्हणाली. आई म्हणाली, "ती रानातली गोष्ट. हे घर आहे."

लेकीला आता बारापेडेला जायचंय. भीमगड २०११ पासून अभयारण्य आहे, वनखात्याच्या परवानगीशिवाय आत शिरता येत नाही, आणि चौदा पोरांची पलटण गुहेत घुसवणं म्हणजे झोपलेल्यांच्या घरात बँड लावणं. नाही म्हणून सांगितलं. थोडा वेळ गाल फुगले, मग उतरले.

२७ नोव्हेंबर, गुरुवार

आमंत्रण पत्रिका. कल्पना सगळी तिची. करड्या कार्डशीटवर तिनं आपला हात ठेवून पेन्सिल फिरवली, मग चार बोटं पट्टीनं तिप्पट वाढवली, टोकं कमानींनी जोडली. अंगठा होता तसा ठेवला. झाला पंख. मधोमध घडी घातली की दोन पंखांचं वाघूळ, आत मजकूर.

मजकूर तीन भाषांत, कारण तिच्या वर्गात तसेच सगळे आहेत. मराठीत वटवाघूळ, कन्नडात बावली (हे वरच्या मजल्यावरच्या काकूंकडून तपासून घेतलं) आणि इंग्रजीत बॅट. आईचं म्हणणं, वाघूळ म्हणायचं, वट कशाला लावायचा, आमच्यात कुणी लावत नाही. पत्रिकेवर वट राहिला, घरात वाघूळच चालतं.

चौदा पत्रिका कापताना माझ्या लक्षात आलं की लेकीच्या हाताचा पंजा आता तिच्या आईच्या पंजाला भिडलाय. असो.

३० नोव्हेंबर, रविवार

मोठं वाघूळ, पहिला प्रयत्न. माप पूर्ण: साडेचार फूट. माल: वर्कशॉपात मोटारी येतात त्यांचे पुठ्ठ्याचे खोके. टेम्पलेट काढलं, कटरनं कापलं, रंगवलं, गच्चीच्या तारेला टांगलं. तिन्हीसांजेला झोकात दिसत होतं.

१ डिसेंबर, सोमवार

सकाळी दवानं भिजून दोन्ही पंख खाली आलेले. ओली गोधडी दिसत होती. शेरा: रिजेक्ट.

४ डिसेंबर, गुरुवार

वर्गातल्या पालकांच्या व्हॉट्सअॅप ग्रुपवर एका आईचा मेसेज: वटवाघळांमुळे निपाह होतो ना? मुलांना पाठवणं सुरक्षित आहे का? खाली लगेच सात अंगठे.

भीती उगाच नाही. २०१८ मध्ये केरळात कोझिकोडकडं माणसं दगावली होती, आणि तो विषाणू फळखाऊ वटवाघळांत असतो हे खरं आहे. मी जरा घुश्शातच टाइप करायला घेतलं होतं, हिनं फोन काढून घेतला. मग लेकीनं सांगितलं आणि मी लिहिलं: जिवंत वटवाघूळ कुणी धरणार नाही, जवळही जाणार नाही. गच्चीवरून लांबून बघायचंय. बाकीची सगळी कागदाची. पक्ष्यानं किंवा वाघळानं उष्टावलेलं फळ खायचं नाही, हे पोरांना त्या दिवशी सांगणारच आहोत. खाण्याची फळं बाजारातली, धुऊन सोललेली.

पाच पालकांनी "ठीक" म्हटलं. त्या बाईंनी काही म्हटलं नाही.

लेकीनं यात आपलं एक भाषण तयार केलंय. १९७२ च्या वन्यजीव कायद्यात फळखाऊ वटवाघळं उंदीर-घुशींच्या रांगेत, उपद्रवी म्हणून बसवलेली होती. बारापेडेचं मात्र पहिल्या परिशिष्टात, वाघाच्या पंगतीला. २०२२ च्या दुरुस्तीत उपद्रवींची ती यादीच गेली. हे ती केक कापण्याआधी बोलणार म्हणते. मी दीड मिनिटाची मर्यादा घातली आहे.

७ डिसेंबर, रविवार

दुसरा प्रयत्न, आणि हा जमला. पुठ्ठ्याचा विचार करत बसलो होतो आणि उत्तर माळ्यावर पडलं होतं: उतरवलेला आकाशकंदील. बांबूच्या कामट्या आणि घोटीव कागद. पंख म्हणजे तरी दुसरं काय, हलकी काठी आणि ताणलेली कातडी.

कामट्या रात्रभर भिजवल्या, मेणबत्तीवर धरून वाकवल्या. दंडाला जाड, बोटांना तासून बारीक. जोड दोऱ्यानं बांधून त्यावर फेव्हिकॉल. कागद खळीनं चिकटवला, वाळताना तो आपोआप ताणला जातो. अंग काथ्याचं, कारण मोठं वाघूळ काळं नसतं. मानेभोवती तांबूस-सोनेरी लोकर असते, तोंड कोल्ह्यासारखं. काथ्याचा रंग न देताच बरोबर जुळला. वजन २८० ग्रॅम. खऱ्याचं दीड किलोपर्यंत जातं.

यातला माझा सगळ्यात आवडता भाग पाय. वाघूळ उलटं लटकून झोपतं तरी पडत कसं नाही? पायाच्या बोटांतले स्नायुबंध असे असतात की अंगाचा भार आला की नखं मिटतात आणि तिथंच अडकून बसतात. बंधावर बारीक खाचा असतात, आमच्या रॅचेटसारख्या, म्हणजे एकाच दिशेला सरकणाऱ्या दात्यांसारख्या. सोडायचं असेल तेव्हाच ताकद लागते. लटकायला शून्य. मेलेलं वाघूळसुद्धा कधी कधी लटकलेलंच राहतं. मी सायकलच्या ब्रेकची तार आणि दोन हुक वापरून तसा पाय केला: भार दिला की मिटतो, उचललं की सुटतो. रात्री साडेअकरापर्यंत नुसता लटकवत आणि काढत बसलो. आई झोपेतून उठून जिन्यात आली. तिला समजावून सांगितलं, तार ओढून दाखवली. "म्हणजे लटकायला त्याला काय कष्ट नाहीत?" अजिबात नाहीत, म्हटलं. "बरं आहे त्याचं," म्हणून झोपायला गेली.

बारापेडेचं वाघूळ लेकीनं एकटीनं केलं. वीतभर अंग, कान जोडलेले.

१० डिसेंबर, बुधवार

खाणं. सुवर्णसौधात, म्हणजे इथल्या विधानभवनात, अधिवेशन सुरू आहे, त्यामुळे त्या बाजूची कामं टाळून सगळी खरेदी खडेबाजार ते गणपत गल्ली एवढ्यातच उरकली.

फळखाऊंचं ताट: केळी, पेरू, चिकू, सीताफळ. कीटकखाऊंचं ताट: चुरमुऱ्यांचा चिवडा, शेव, भाजलेले शेंगदाणे. केकवाल्यानं काळ्या आयसिंगची गळ घातली होती. मी चमचाभर खाऊन बघितलं. कडू, आणि हिनं सांगेपर्यंत दात निळे. रद्द. साधा चॉकलेट केक, वर काही नाही.

आणि कुंदा, आमच्या बेळगावची दुधाची मिठाई. लेकीनं पुस्तकात ग्वानो वाचलं: गुहेत वटवाघळांच्या विष्ठेचे थर साचतात, नत्र भरपूर, उत्तम खत. मग तिनं फ्रिजमधल्या कुंद्याकडं बघितलं. तपकिरी, रवाळ. मी हसू आवरलं नाही, तिथंच चूक झाली. पाटी ठरली आहे: "गुहेतला ताजा माल." किलोभर आणला. आईच्या कानावर घातलेलं नाही.

आईचीही एक भर. "पंख खायला घालायचे तर मांडे मागवा की." घडी घातलेले, पातळ, कुरकुरीत, उकललं की पदरच्या पदर. बेळगावचं लग्न मांड्यांशिवाय होत नाही, वाढदिवसानं काय घोडं मारलंय? आठ सांगितले.

१२ डिसेंबर, शुक्रवार

खेळांची चाचणी, हाताशी वरच्या मजल्यावरची दोन पोरं.

पहिला खेळ म्हणजे आंधळी कोशिंबीरच. मधल्याचे डोळे बांधायचे, तो वाघूळ. बाकीचे किडे. त्यानं "वाघूळ!" ओरडलं की सगळ्या किड्यांनी ताबडतोब "किडा!" म्हणायचं, गप्प बसायची सोय नाही. तो आवाजावर पकडणार. लेकीची दुरुस्ती: सावज जवळ आलं की खरं वटवाघूळ आवाज भराभर काढतं, तेव्हा हात पोचेल इतकं जवळ आल्यावर वाघळानं न थांबता ओरडत राहायचं. करून बघितलं. खेळ दुप्पट रंगतो आणि कान चौपट दुखतात. शेजारी जाऊन आगाऊ माफी आणि हॅलोजनची विनंती, दोन्ही एकदमच उरकलं.

दुसरा: पिल्लू शोधा. अंधाऱ्या गुहेत हजारो पिल्लांतून आई आपलं पिल्लू आवाजानं आणि वासानं ओळखते. भोकं पाडलेल्या डब्या, दोन-दोनच्या जोड्या: हिंग, वेलदोडा, कापूर, कॉफी, आलं, सुकी मासळी. जोडी लावायची. मासळी हिनं गच्चीच्या कोपऱ्यात हलवली आहे.

१३ डिसेंबर, शनिवार

रात्रीचे अकरा. जमेल तेवढं लिहितो.

चारला आईनं आत पाटावर बसवून लेकीला ओवाळलं. घरात एकही वाघूळ नव्हतं. अट पाळली.

साडेचारपासून पोरं. चौदापैकी तेरा आली, न येणारा कोण ते सांगायला नको. तेरापैकी एक पांढरी पँट, पांढरा शर्ट घालून, खांद्यावर क्रिकेटची बॅट. पत्रिका त्याच्या दादानं वाचून दाखवली होती, आणि "बॅट थीम" एवढंच पोचलं होतं. बिचारा जिन्यातच थांबला. लेकीनं त्याला वर ओढलं, त्याच्या बॅटवर खडूनं दोन डोळे आणि कान काढले. ही शेवटपर्यंत गच्चीवरची सगळ्यात लोकप्रिय बॅट.

हाताचा पंख काढणं: अपेक्षा पंधरा मिनिटं, गेली चाळीस. कुणीच उठायला तयार नाही. एकमेकांच्या हातांची मापं, कुणाचं बोट लांब, कुणाचा अंगठा वाकडा. ठरवलेले दोन खेळ यातच गेले.

भाषण: चार मिनिटं. इटलीतल्या स्पालान्झानी या शास्त्रज्ञापासून सुरुवात झाली. अंधारात घुबड अडखळतं, वटवाघूळ अडखळत नाही, हे त्यानं १७९३ च्या सुमाराला बघितलं. पण का, ते धड कळायला १९३८ साल उजाडलं, अमेरिकेतल्या ग्रिफिननं वटवाघळाचा माणसाला ऐकू न येणारा आवाज यंत्रावर पकडला तेव्हा. पोरं केककडं बघत होती. मी घड्याळाकडं.

कुंद्याची पाटी बघून आधी किंचाळ्या, मग फडशा. आई नेमकी तेव्हाच वर आली. पाटी वाचली. मला फक्त एवढंच म्हणाली, "तुझ्या बाबांनी ऐकलं असतं तर." बाबा असते तर पहिला चमचा त्यांचाच असता. मांड्यांपैकी तीन रिक्षातच मोडले होते. पंखांचे तुकडे म्हणून तेही गेले.

सहाला सगळे पश्चिमेकडं तोंड करून. हॅलोजन बंद. ६.१० ला बारकी आली, टाळ्या वाजल्या, टाळ्या वाजवू नका म्हणून ओरडा झाला. आणि सव्वासहाला मागच्या गल्लीत वरात. बँडपाठोपाठ फटाक्यांची दहा हजाराची माळ. धूर आमच्याच बाजूला. लग्नसराई माझ्या कार्डावर नव्हती, ही माझी चूक.

पावणेसात, काही नाही. सात, काही नाही. खाली पालकांचे हॉर्न. पाच पोरं गेली. लेक कठड्याला टेकून वही धरून उभी, माझ्याशी बोलेना. ७.१० ला क्रिकेटवाला पोरगा म्हणाला, "काका, ते काय?"

एकच. उंबरावर आलं, फेरी मारली, लटकलं. पानांत नुसता काळा डाग. मग डागानं एक पंख उघडला, अंगाभोवती ओढून घेतला. आठ पोरं आणि तीन पालक, एकाचाही आवाज नाही. वाटलं नव्हतं.

वहीत नोंद: मोठं १. बारकी किमान ४.

१५ डिसेंबर, सोमवार

हिशेब. केक, कुंदा, मांडे, फळं आणि बाकी खाणं ५,३४०. कागद, काथ्या, रंग, फेव्हिकॉल, डब्या १,१६०. तार आणि हुक वर्कशॉपच्या भंगारातले, शून्य. एकूण ६,५००. शिल्लक २,५००, जी परत मागण्यात आली आहे.

न आलेल्या पोरासाठी लेकीनं शाळेत एक कोरी पत्रिका आणि थोडा कुंदा नेला. पत्रिकेवर त्यानं मधल्या सुट्टीत आपला हात काढला. कुंद्याचं नाव तिनं त्याला खाऊन झाल्यावर सांगितलं.

२१ डिसेंबर, रविवार

राहिलेलं एकच काम: मोठं वाघूळ उतरवणं. कागद दवानं दोन ठिकाणी सुटलाय, बाकी धड आहे. पाय पक्का. शिडी घेऊन निघालो तर आई जिन्यात तांदूळ निवडत बसलेली.

"कुठं चाललास?"

सांगितलं.

"असू दे की. लटकायला त्याला काय कष्ट नाहीत म्हणालास ना."

शिडी परत ठेवली.